कंट्रोल कोणाचा आणि कोणावर?



‘उद्योजक’ हा शब्द तुम्ही-आम्ही आजवर ऐकला तो शेटजींच्या गोटातून. ज्याची गिरणी तो उद्योजक. ज्याची बंदरावर गोदामे तो उद्योजक. सरकार त्याच्यासाठी पायघड्या घालते, मंत्री त्याच्या हातात हात घालून फोटो काढतात आणि दुसऱ्या दिवशी तो फोटो पहिल्या पानावर येतो.

पण पलीकडच्या किनाऱ्यावर, रायगड जिल्ह्यात, चिरनेर नावाचे एक गाव आहे. पूर्वी ते पनवेल तालुक्यात मोडत असे, आज उरण तालुक्यात आहे. तिकडचा माणूस पिढ्यान् पिढ्या काय करीत आला? खाजणात बांध घालून मीठ पिकवले, डोंगरातून फाटी आणून विकली, मोहाची फुले वेचली, ताडीमाडी काढली, कोळसा पाडला, विटा थापल्या. हल्ली कोणी टेम्पो घेतो, कोणी गावठाणाच्या कडेला चार खोल्या काढून भाड्याने देतो. स्वतःच्या घामाचे भांडवल घालून धंदा करणारा हा माणूस. त्याला उद्योजक म्हणताना कोणी ऐकलेय का? त्याच्यासाठी सरकारदरबारी वेगळे शब्द आहेत: विनापरवाना, अतिक्रमण, बेकायदा!

हे दोन शब्दकोश कोणी तयार केले? शेटजीसाठी एक आणि शेतकऱ्यासाठी दुसरा, हे कसले गौडबंगाल? ह्याचा जाब विचारायला आपण आज बसलो आहोत. आणि कामगारांनी हे वाचायचे कशाला, असे कोणी म्हणेल तर त्याचेही उत्तर पुढे येते आहे.

मोह, मीठ आणि लाकूड

गोष्ट इंग्रजांपासून सुरू करावी लागते. ठाणे आणि कुलाबा ह्या जिल्ह्यांत मोहाची झाडे उदंड. फुले वेचावीत, वाळवावीत, अडीअडचणीला खावीत, उरलेल्याची दारू गाळावी, हा डोंगरातल्या माणसाचा घरचा व्यवहार. १८७८ साली मुंबई इलाख्यात अबकारीचा कायदा आला आणि गावोगावच्या भट्ट्या बंद झाल्या. दारू गाळायची ती सरकारच्या नजरेखालच्या मोठ्या भट्ट्यांवर आणि विकायची ती मक्तेदाराने. उरण हे अशा मोठ्या भट्ट्यांचे ठिकाण झाले. ताडामाडांवर झाडागणिक कर बसला आणि भंडाऱ्यांचा धंदा मोडकळीला आला.

एवढ्यानेही समाधान झाले नाही. १८९२ साली खास ह्याच दोन जिल्ह्यांसाठी मोहाचा कायदा केला गेला. दारू राहू द्या, नुसते फूल जवळ बाळगण्यावर आणि विकण्यावर बंधन! झाडावरून गळून पडलेले फूल आदिवासी बाईने टोपलीत घातले की ती गुन्हेगार. आता बोला! दारूबंदीसाठी हे चालले होते म्हणाल, तर तसेही नाही. दारू सरकारला हवीच होती. फक्त तिचा पैसा गावच्या भट्टीवाल्याकडे न राहता मक्तेदाराच्या थैलीतून सरकारी तिजोरीत यायला हवा होता.

मिठाची कथा तीच. ‘आगर’ म्हणजे मिठागर, आणि त्या आगरावर राबणारा तो आगरी. जातीचे नावच धंद्यावरून पडले! पण १८८२ आणि १८९० च्या मीठ कायद्यांनंतर परवान्याशिवाय मूठभर मीठ काढणे हा अपराध ठरला. १८८८ साली मणामागे अडीच रुपये कर होता, म्हणजे मिठाच्या मूळ किमतीच्या कितीतरी पट. आगरातला माणूस कमरेएवढ्या चिखलात उभा राहून मीठ पिकवणार आणि त्याच्या उशाशी चौकीवरचा शिपाई बसणार. हा कर संपूर्ण उठला तो १९४७ च्या एप्रिलात.

तिसरे लाकूड. कोकणात भाताचे रोप टाकण्याआधी जमीन भाजावी लागते. पालापाचोळा, फांद्या, शेण पसरून राब जाळायचा, मग रोप जोमाने येते. राब नाही तर भात नाही. पण १८७८ च्या जंगल कायद्याने डोंगर राखीव झाले आणि राबाच्या फांदीसाठी रखवालदाराचे पाय धरायची पाळी आली. ठाणे-कुलाब्यात इतका आरडाओरडा झाला की सरकारला १८८५ साली चौकशीसाठी फॉरेस्ट कमिशन नेमावे लागले. १८८७ पर्यंत ते चालले. कागद रंगले, डोंगर मात्र सरकारचाच राहिला. आणि सरकारचा म्हणजे कोणाचा? जंगलाचे तुकडे पाडून लिलाव व्हायचा आणि जो ठेकेदार बोली लावील तो वखारी भरायचा. झाडे तुटायची थांबली नाहीत. तोडणारा बदलला, इतकेच.

तीन धंदे आणि तिन्हींचा निकाल एकच. सरकारने ‘कंट्रोल’ बसवला तो माल वाचवण्यासाठी नव्हे, माल कोणाच्या हाती जावा हे ठरवण्यासाठी. हे सूत्र ध्यानात ठेवा. शंभर वर्षांनंतर ते पुन्हा भेटणार आहे.

२५ सप्टेंबर १९३०

त्या दिवशी चिरनेरच्या अक्कादेवीच्या डोंगराकडे हजारो माणसे निघाली. आगरी होते, कोळी होते, कातकरी होते. हातात कोयते होते. पण ते माणसे मारायला घेतलेले कोयते नव्हते, फांदी तोडायला घेतलेले होते. जंगलचा कायदा मोडायचा, उघडपणे मोडायचा, हाच कार्यक्रम होता. पोलिसांनी गोळ्या झाडल्या. चिरनेरचे धाकू फोफेरकर आणि नाग्या कातकरी पडले. कोप्रोली, मोठी जुई, धाकटी जुई, दिघोडे, खोपटे, पाणदिवे ह्या शेजारच्या गावांचे गडी पडले. आठ हुतात्मे झाले. खुद्द सरकारचे मामलेदार जोशी, तेही त्या दिवशी गोळीला बळी पडले.

शाळेतल्या पुस्तकात ह्याला जंगल सत्याग्रह म्हणतात, आणि ते बरोबरच आहे. पण त्या आठ जणांनी प्राण दिला तो कशावरून, हे साध्या भाषेत सांगायचे तर: आपल्या डोंगरातली फांदी आपण तोडून आपल्या शेतात वापरायची आणि उरलेली बाजारात विकायची, ह्याला वरच्या साहेबाची चिठ्ठी लागू नये, एवढ्यासाठी. स्वराज्याचा अर्थ त्यांच्या लेखी तेवढा होता. आणि तेवढा अर्थ काही लहान नव्हे.

आज दरवर्षी २५ सप्टेंबरला चिरनेरच्या हुतात्मा स्मारकावर पुढारी हार घालतात, पोलीस मानवंदना देतात. चांगलेच आहे. पण ज्या चिठ्ठीपायी ते आठ जण गेले ती चिठ्ठी गेली का?

गोरा गेला, परवाना राहिला

मोहाच्या फुलावरचे बंधन या ना त्या नियमाने स्वराज्यातही चालूच राहिले. राज्य सरकारने फुले गोळा करण्यावरची आणि साठवण्यावरची बंधने उठवली ती २०२१ साली! १८९२ पासून मोजा: एकशे एकोणतीस वर्षे. तेवढ्या काळात इंग्रज गेले, मुंबई राज्य गेले, १०५ हुतात्म्यांचे रक्त सांडून संयुक्त महाराष्ट्र झाला, त्या महाराष्ट्राला साठ वर्षे होऊन गेली. मग कुठे टोपलीतल्या फुलाला स्वातंत्र्य मिळाले.

जमिनीचे पाहा. १९७० साली सिडको स्थापन झाली आणि ठाणे, पनवेल, उरण भागातल्या ९५ गावांची जमीन नव्या मुंबईसाठी घ्यायचे ठरले. भातशेती गेली, मिठागरे गेली. भाव ठरवला तो घेणाऱ्यानेच. बाजारात भाजी घ्यायला गेलात आणि भाव तुम्हीच ठरवून टोपली उचललीत, तर भाजीवाली काय म्हणेल? पण सरकार घेणारे असले की त्याला ‘संपादन’ म्हणतात. शेवटी १९८४ च्या जानेवारीत दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली शेतकरी रस्त्यावर उतरला. १६ तारखेला दास्तान फाट्यावर आणि १७ तारखेला नवघर फाट्यावर गोळीबार झाला आणि पाच जण हुतात्मे झाले. १९३० साली गोळी विदेशी सरकारची होती. १९८४ साली ती आपल्या मराठी राज्याची होती, हे लिहिताना आमचा हात जड होतो. पण लिहिले पाहिजे.

त्या रक्तातून साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचे तत्त्व निघाले. शंभर गुंठे दिलेत तर साडेबारा गुंठे परत. लढ्याचा तो विजयच होता, कारण आधी तेही नव्हते. तरी त्या हिशेबाची दुसरी बाजू बघा. शंभर गुंठ्यांचा मालक साडेबारांचा वाटेकरी झाला, आणि तेही हाती पडण्यासाठी कित्येकांना वर्षानुवर्षे खेटे घालावे लागले. मधल्या काळात घरातली पोरे मोठी झाली, लग्ने झाली, माणसे वाढली. गावठाणाची हद्द मात्र वाढली नाही. माणसाने स्वतःच्याच जागेत वाढीव खोली बांधली, पुढे दुकान काढले. त्याला नोटीस आली: बांधकाम बेकायदा! अरे, कायदेशीर बांधायला जागा ठेवलीत कुठे?

आपल्या गिरण्यांचे काय झाले?

आता कामगार बंधूंनो, तुमच्या प्रश्नाचे उत्तर.

१८ जानेवारी १९८२ ला अडीच लाख कामगार संपावर गेले. पुढे गिरण्या एकेक करून बंद पडल्या. लालबाग-परळ-वरळीच्या मधोमध सुमारे ६०० एकर जमीन मोकळी होऊ लागली. त्या जमिनीवरही सरकारचा कंट्रोल होता बरे का! १९९१ च्या विकास नियमावलीत ठरले होते की मालकाला गिरणीची जमीन विकायची तर तिचे तीन वाटे करावे लागतील: एक शहराच्या मोकळ्या जागांसाठी, एक म्हाडाच्या घरांसाठी, एक मालकाला. नियम चांगला होता. कामगाराला घर मिळाले असते, पोरांना मैदान मिळाले असते.

मग २००१ साली त्या नियमात फेरफार झाला. वाटे करायचे ते सगळ्या जमिनीचे नव्हे, इमारती सोडून जी रिकामी जागा असेल तेवढीचेच! म्हणजे पोळी मालकाच्या ताटात आणि वाटणीला फक्त कडेचा तुकडा. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि २००६ साली तो फेरफार कायम झाला. आज तिथे काचेचे मनोरे उभे आहेत. आणि घरासाठी अर्ज केलेले दीड लाखाच्या वर गिरणी कामगार आणि त्यांचे वारस सोडतीच्या यादीत नाव शोधीत आहेत.

ताळा करून पाहा. चिरनेरच्या शेतकऱ्याला नियम आड आला तेव्हा शेतकरी वाकवला गेला. गिरणीमालकाला नियम आड आला तेव्हा नियम वाकवला गेला. सरकार तेच, मंत्रालय तेच, शाई तीच! मोठ्यासाठी दार उघडे आणि धाकट्यासाठी खिडकीवर रांग: अख्ख्या ‘सरकारी नियंत्रणा’ची ही कुंडली आहे.

मग कंट्रोल नकोच का?

इथे थोडे थांबू या. कारण इथेच काही शहाणे लोक पुढे सरसावतात आणि म्हणतात, बघा, आम्ही सांगतच होतो! सरकारने सगळ्यातून हात काढावा, धंदा मोकळा सोडावा, म्हणजे खेड्यापाड्यातला उद्योजक आपोआप वर येईल.

कामगाराला हे गाणे नवे नाही. गिरणीमालकांनीही ते गायिले होते. ‘मोकळा धंदा’ होता तेव्हा सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत साचे चालत होते. रविवारची सुट्टी मालकांनी प्रेमाने दिली नाही; नारायण मेघाजी लोखंड्यांनी चळवळ केली तेव्हा १८९० साली ती मिळाली. कामाच्या तासांना मर्यादा आली तीही कायद्यानेच. कामगाराच्या अंगावर जे चार कपडे आहेत ते कायद्याने शिवलेले आहेत. कायदाच नको म्हणणाऱ्याच्या नादी आपण लागलो तर उघडे पडू.

आणि खेड्यातला धंदेवाला म्हणजे झाडून सगळे साधुसंत, असेही नाही. रायगड-ठाण्याच्या वीटभट्ट्यांवर आणि कोळशाच्या भट्ट्यांवर कोण राबतो? कातकरी. पावसाळ्यात घरात दाणा नसतो तेव्हा भट्टीवाला उचल देतो. दिवाळीनंतर अख्खे कुटुंब, पोराबाळांसकट, भट्टीवर. हंगाम संपला तरी उचल फिटत नाही; हिशेबाची वही मालकाच्या हातात आणि वाचणारा कोणी नाही. वेठबिगारी बंद करणारा कायदा १९७६ सालचा, पण तो भट्टीपर्यंत पोचायला अजून वाट चुकतो. नाग्या कातकऱ्याने ज्या डोंगरासाठी छाती पुढे केली, त्याच्या भाईबंदांच्या पायाखाली अजून कित्येक वाड्यांत स्वतःच्या नावाची घरठाणाची जागा नाही. इथे भट्टीवाल्याला ‘मोकळीक’ हवी असेल. आम्ही म्हणतो, इथे कंट्रोल पाहिजे आणि कडक पाहिजे!

कापसाचेही उदाहरण तुमच्या ओळखीचे. १९७२ पासून महाराष्ट्रात कापूस एकाधिकार खरेदी योजना आली. व्यापाऱ्याच्या कचाट्यातून शेतकरी सुटावा, हा हेतू चांगला. पण पैसे थकू लागले, परराज्यात भाव जास्त मिळू लागला, तेव्हा शेतकऱ्याने स्वतःचा कापूस रातोरात सीमेपलीकडे न्यायचा आणि पकडला गेला तर चोर ठरायचे, अशी पाळी आली. हेतू शेतकऱ्याचा होता, किल्ली मात्र त्याच्या हाती नव्हती. योजना पुढे मोडली ती त्यामुळे.

म्हणून प्रश्न कंट्रोल हवा की नको, हा नाहीच. कंट्रोल कोणाचा आणि कोणावर, हा आहे.

किल्ली गावाच्या हाती

हे नुसते बोलण्यापुरते नाही, करून दाखवलेले आहे. गडचिरोली जिल्ह्यातले मेंढा-लेखा हे लहानसे गोंड गाव. भोवतालचा बांबू वर्षानुवर्षे सवलतीच्या दराने कागद गिरणीला जायचा आणि गावकऱ्याने विकायला नेला की तो चोर. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली गावाने २००९ साली सामूहिक हक्क मिळवला. पण वाहतुकीचा परवाना खाते देईना! हक्क तुमचा, पण बांबू गावाबाहेर न्यायचा नाही. गाव हटले नाही. शेवटी एप्रिल २०११ मध्ये केंद्रातले आणि राज्यातले मंत्री गावात आले आणि परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिले. बांबू किती तोडायचा, कोणता राखायचा, कोणाला विकायचा हे गावच ठरवू लागले. म्हणजे कंट्रोल गेला नाही, तो वरून खाली आला. तोडणाराच राखणारा झाला.

दुसरे उदाहरण शहराला खेटून. पुण्याजवळ हडपसरला मगरपट्ट्याच्या शंभरावर शेतकरी कुटुंबांनी सुमारे ४०० एकर जमीन एकत्र केली आणि बिल्डरला न विकता स्वतःच वसाहत उभारली. ज्याची जितकी जमीन तितका त्याचा हिस्सा. तिथे जमिनीचा मालक धंद्याचा मालक झाला. सगळीकडे हे जसेच्या तसे जमेल असे आम्ही म्हणत नाही. त्या जमिनी सलग होत्या, भाऊबंदकी एका विचाराने चालली. पण शेतकऱ्याला उद्योग जमत नाही, हा समज खोटा आहे एवढे त्यावरून सिद्ध होते.

चिरनेर आज कुठे उभे आहे?

जानेवारी २०२४ मध्ये शिवडीहून चिर्ल्यापर्यंत अटल सेतू सुरू झाला. ज्या शिवडीत गिरण्यांचे भोंगे वाजत होते तिथून खाडीपलीकडचा उरण तालुका अर्ध्या तासाच्या आत आला. पूल आला की मागोमाग गिधाडे येतात. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सरकारने उरण, पनवेल, पेण तालुक्यांतल्या १२४ गावांसाठी, सुमारे ३२३ चौरस किलोमीटरच्या पट्ट्यात, नवनगर विकास प्राधिकरण म्हणून एमएमआरडीएची नेमणूक केली. लोक त्याला तिसरी मुंबई म्हणतात. कागदावर त्याचे नाव कर्नाळा-साई-चिरनेर नवनगर. होय, चिरनेर! ज्या गावाने चिठ्ठीविरुद्ध आठ माणसे दिली, त्याच गावाच्या नावाने नवे चिठ्ठीचे राज्य. गावोगावच्या शेतकऱ्यांनी हरकती नोंदवल्या, त्या उगाच नव्हेत. पहिल्या नव्या मुंबईत त्यांच्या सोयऱ्याधायऱ्यांचे काय झाले ते त्यांनी डोळ्यांनी पाहिले आहे.

आणि गिरणी कामगारा, इथेच तुला सावध राहायचे आहे. तुझ्या घराचा प्रश्न आला की बोट खाडीपलीकडे दाखवले जाते. पनवेलजवळच्या कोनच्या घरांची सोडत २०१६ सालीच झाली. पुढे शेलू-वांगणीचे नाव निघाले, तेव्हा जुलै २०२५ मध्ये कामगार आझाद मैदानावर जमले आणि मुंबईतच घर द्या म्हणाले. ते रास्तच होते. उद्या कोणी म्हणेल, ‘कामगारांना घरे द्यायची आहेत म्हणून शेतकऱ्याची जमीन हवी.’ तेव्हा विचारा, आमच्या वाट्याची गिरणीची जमीन कुठे गेली? त्या मनोऱ्यांकडे बोट दाखवा. एका लुटलेल्याच्या हाताने दुसऱ्याला लुटण्याचा हा डाव आहे. तो खेळला जाता कामा नये.

म्हणून आमचे म्हणणे थोडक्यात असे:

नवनगराची रेघ ओढण्याआधी गावठाणांची मोजणी करा. वाढलेल्या कुटुंबांनी गरजेपोटी बांधलेली घरे, दुकाने आधी नियमित करा, मग नकाशा काढा.

जमीन देणाऱ्याला एकदा पैसे घेऊन दूर होणारा विक्रेता समजू नका. जो जमीन देईल तो हिस्सेदार, आणि हिस्सा किती ते ग्रामसभेसमोर ठरेल.

वीस गुंठ्यांतल्या कुक्कुटपालनाला, भातगिरणीला, गॅरेजला लागणारा परवाना ग्रामपंचायतीच्याच टेबलावर, ठरल्या मुदतीत मिळाला पाहिजे. मुदत टळली तर दंड अर्जदाराला नको, कचेरीला हवा.

भट्टीवर, यार्डात, गोदामात राबणाऱ्याचा कायदा मात्र एका इंचानेही सैल होता कामा नये. कातकऱ्याच्या वाडीची जागा त्याच्या नावावर झाल्याखेरीज नवनगराची एक वीट चढू नये.

आणि गिरणी कामगाराचे घर मुंबईच्या जमिनीतून. चिरनेरच्या शेतातून नव्हे!

बंधूंनो, चिरनेरचा कोयता आणि गिरणीचा धोटा ही एकाच घरातली हत्यारे आहेत. एकाने जंगलाच्या चिठ्ठीशी झुंज दिली, दुसऱ्याने मालकाच्या. दोघांनाही आजवर सांगण्यात आले की नियम सर्वांना सारखा आहे. सारखा असेल तर आता तो सारखा लावून दाखवा. मनोऱ्याला आणि झोपडीला, शेटजीला आणि आगऱ्याला. तोवर हा जाब विचारणे आम्ही थांबवणार नाही, आणि तुम्हीही थांबवू नका.

जय महाराष्ट्र!